सुलभाताईंच्या घशातला थांबा

सुलभाताई हळब्यांच्या घशाखाली घास उतरेनासा झाला, तेव्हा सगळ्यात जास्त हाल कोणाचे झाले असतील तर ते त्यांच्या मुलाचे, मंदारचे. निदान मंदार तरी सगळ्यांना तसंच सांगायचा. "आईचं हे असं, आणि माझ्या तोंडचं पाणी पळालंय," असं तो फोनवर मामाला सांगायचा, मग मावशीला, मग आत्याला. आई शेजारच्याच खुर्चीत बसून पातळ पेज चमच्याने आत ढकलत असायची. तिला कोणी काही विचारत नसे. विचारलं असतं तरी ती "मंदार सांगेल ना" एवढंच म्हणाली असती.

मंदार सांगलीत पाणीपुरवठ्याकडे अभियंता होता. वय पन्नाशीला टेकलेलं, बायको शर्वरी सकाळच्या शाळेत शिक्षिका, मूलबाळ नाही. वडील गेले त्या दिवसापासून आईचा सगळा ताबा त्याने स्वतःकडे घेतला होता. ताबा हा शब्द त्याला मुळीच आवडला नसता, तो सेवा म्हणायचा. आईने कधी उठायचं, कुठला स्वेटर घालायचा, कुठल्या मैत्रिणीकडे जायचं आणि कुठल्या मैत्रिणीकडे जाऊन उगाच मन खराब करून घ्यायचं नाही, हे सगळं तो ठरवायचा. संध्याकाळी ऑफिसातून आला की हातपाय धुऊन तिच्यासमोर बसायचा आणि स्वतःच्या हाताने तिला भरवायचा. आईचे हात चांगले धडधाकट होते, तरीही. "लहानपणी तू मला भरवलंस, आता माझी पाळी," असं म्हणायचा आणि बघणाऱ्यांचे डोळे भरून यायचे. आईने तोंड मिटून घेतलं तर दोन बोटांनी तिचे गाल दाबायचा, हसत हसत. तो हसत असायचा म्हणूनच कोणाला त्यात काही वावगं दिसलं नाही. आणि आई? आई तोंड उघडायची. भांडणतंटा तिच्या स्वभावातच नव्हता, आणि पन्नास वर्षांत तिला कोणी नाही म्हणायला शिकवलंही नव्हतं.

दुखण्याचं मूळही या सेवेतच होतं, आता बोला! सुलभाताईंची हाडं ठिसूळ झाली म्हणून डॉक्टरांनी आठवड्यातून एकदा घ्यायची गोळी दिली होती. सकाळी उपाशीपोटी घ्यायची, वर पेलाभर पाणी प्यायचं, आणि नंतर अर्धा तास पाठ टेकायची नाही. मंदारने त्यातलं 'उपाशीपोटी' तेवढं पक्कं धरलं. आईचा सोमवारचा उपास असतो, म्हणजे सोमवार उत्तम, असा त्याने हिशोब केला. पण सोमवारी पूजा होईपर्यंत आई पाण्याचा थेंब घेत नसे. मग अभियंत्याने तोडगा काढला. पळीभर तीर्थ तर चालतं ना? तीर्थाबरोबर गोळी. आणि उपासाने थकवा येतो म्हणून लगेच थोडं पडून राहायचं, हेही त्यानेच ठरवलं.

पळीभर पाण्यात ती गोळी कशी उतरणार? ती अन्ननलिकेत मध्येच चिकटून बसायची आणि आतली कातडी जाळायची. "मंदार, छातीत अडकल्यासारखं होतंय रे," आई म्हणायची. "आई, नाटकं नकोत हं," मंदार म्हणायचा, लाडाने. असं दर सोमवारी दोन वर्षं चाललं. शेवटी मिरजेच्या डॉक्टर नाडकर्णींनी दुर्बीण घालून आत पाहिलं आणि सगळं विचारून घेतलं, तेव्हा खुलासा झाला. मंदारचा चेहरा खर्रकन उतरला. पण तो फार वेळ उतरलेला राहिला नाही. गाडीत बसल्यावर तो आईकडे वळून म्हणाला, "तुला पाणी प्यायला काय झालं होतं गं?"

"चुकलंच माझं," आई म्हणाली.

पहिलं वर्ष फुग्यांमध्ये गेलं. अन्ननलिका अरुंद झाली की ती रुंद करायचा हा जुना उपाय. तोंडातून एक बारीक नळी आत सोडायची, अरुंद जागी पोचली की तिच्या टोकाचा फुगा फुगवायचा. जागा रुंद होते, पण होते ती फाटून. फाटलेलं भरून येताना तिथे व्रण धरतो, आणि व्रणाचा स्वभाव आकसण्याचा. दोन-चार आठवडे माणूस भात खातो, मग मऊ भात, मग पेज, मग पुन्हा फुगा. सुलभाताईंच्या प्रत्येक फुग्यानंतर मंदार सगळ्या नातेवाइकांना पेढे वाटायचा आणि प्रत्येक वेळी पेढ्यांची चव तोंडावर असतानाच आई पुन्हा पेजेवर यायची.

मग वलय आलं. हातातल्या अंगठीएवढं, पण साबुदाण्यासारखं मऊ आणि पारदर्शक. डॉक्टर नाडकर्णींनी ते मंदारच्या तळहातावर ठेवून समजावलं. हे वलय अरुंद जागी नेऊन बसवायचं. शरीराच्या उबेने ते पसरतं, पण इतकं हळू की दिवसाला केसाएवढंही नाही. त्यामुळे व्रणाला आपण ताणले जातोय याचा पत्ताच लागत नाही, आणि तो उलटून आकसत नाही. घास आला की वलय तेवढ्यापुरतं आणखी उघडतं, घास गेला की मागून मिटतं, म्हणजे खाल्लेलं उलटून वर येत नाही. सहा-आठ महिन्यांत अन्ननलिका कायमची रुंद होते आणि वलय विरघळून जातं.

"पण एक गोष्ट नीट लक्षात घ्या, हळबेसाहेब," डॉक्टर म्हणाल्या. "अन्ननलिकेभोवती स्नायू असतात आणि त्यांना मेंदूची सगळी खबर असते. भीतीने घसा आवळतो असं आपण म्हणतो ना? तो खरंच आवळतो. आवळलेल्या स्नायूवर ताण दिला तर नळी फाटेल. म्हणून स्नायू आवळले की वलय लगेच माघार घेतं आणि मिटतं. या सोयीला आम्ही थांबा म्हणतो. फोनवर हिरवा ठिपका दिसला की वलय उघडं. लाल दिसला की थांबा लागला. लाल असताना घास द्यायचा नाही. माणूस शांत झाला की तो आपोआप सुटतो."

"म्हणजे प्रेशर वाढलं की व्हॉल्व्ह बंद," मंदार म्हणाला. त्याला एकदम सगळं कळल्यासारखं झालं.

दवाखान्यातले दिवस फार छान गेले. दवाखान्याच्या नियमाने भरवण्याचं काम नर्सकडे, आणि नातेवाइकांना फक्त भेटीच्या वेळेत प्रवेश. दुसऱ्या आठवड्यात सुलभाताईंनी वरणभात खाल्ला. तूप आणि लिंबू घालून, स्वतःच्या हाताने कालवून. खाता खाता त्यांनी नर्सला विचारलं, "लोणच्याची फोड मिळेल का गं एखादी?" फोनवरचा ठिपका हिरवागार. मंदारला हे शर्वरीकडून कळलं आणि तो आनंदाने रडला. खरंच रडला, त्यात खोटं काही नव्हतं. त्याचं आईवर प्रेम होतं, हे लक्षात ठेवूनच पुढचं ऐकायचं आहे.

घरी आल्यावर पहिल्याच संध्याकाळी मंदारने पाट-रांगोळी मांडली. आईला बसवलं, फोन उभा करून ठेवला, मऊ वरणभाताचा घास केला आणि पुढे झुकला. ठिपका लाल झाला.

थांबले. पाणी दिलं, विठ्ठलाचं नाव घेतलं. ठिपका लालच. मंदार फोन घेऊन खिडकीशी गेला, रेंज बघितली, फोन बंद करून चालू केला. तेवढ्यात शर्वरीने आईंच्या पाठीवरून हात फिरवला आणि ठिपका हिरवा झाला. मंदार धावत आला, घास उचलला. लाल.

चार-पाच दिवस हेच. दिवसभर मंदार ऑफिसात असताना आई काय खाते, कसं खाते, हे विचारायचं त्याच्या मनातही आलं नाही. संध्याकाळचा घास हाच त्याच्या दृष्टीने जेवणाचा घास. शेवटी त्याने आपल्या डोक्याने कारण शोधून काढलं.

"शर्वरी, तू जरा आत जा."

"का?"

"तू समोर असलीस की आईला दडपण येतं. मी बघतोय ना. तू हात लावायला गेलीस की तिचा लाल होतो."

"अरे, उलट आहे. मी हात लावते तेव्हा..."

"मला शिकवू नकोस. प्रेशर कुठून येतं ते शोधणं हा माझा रोजचा धंदा आहे." मग त्याने आवाज खाली आणला. "लग्न झाल्यापासून तुमचं दोघींचं कसं आहे ते मला ठाऊक नाही का?"

आता दोघींचं कसं होतं? अगदी छान होतं. दोघी दुपारी एका ताटात शेंगदाण्याची चटणी आणि भाकरी कुस्करून खायच्या आणि शेजारच्या बाईंच्या नकला करायच्या. पण ते दुपारचं. मंदारला त्या दुपारी माहीत नव्हत्या. शर्वरी सासूकडे बघत राहिली, आता तरी या बोलतील म्हणून. सासूबाई ताटाकडे बघत होत्या. शर्वरीला त्या क्षणी त्यांचा इतका राग आला की ती दुसऱ्याच दिवशी बॅग भरून कऱ्हाडला भावाकडे निघून गेली. जाताना आईंना नमस्कार केला, पण मान वर करून पाहिलं नाही.

शर्वरी गेली आणि दुपारही गेली. मंदारने रजा टाकली. आता तिन्ही त्रिकाळ तोच. ठिपका हिरवा व्हायचा तो फक्त आई झोपली असताना. लाल असताना घास द्यायचा नाही हे त्याला पाठ होतं, तो द्यायचा नाही. तो फक्त घास हातात धरून समोर बसून राहायचा आणि वाट बघायचा. "शांत हो, आई. शांत हो ना गं. माझ्यासाठी शांत हो." वाट बघता बघता त्याचा आवाज चढायचा. घास त्याच्या हातात वाळून जायचा. आईची हनुवटी टोकदार झाली, बांगड्या कोपरापर्यंत चढायला लागल्या.

बेळगावहून धाकटी बहीण मेधा व्हिडिओवर आईला बघून किंचाळलीच. "दादा, अरे काय करून ठेवलंयस हे? आत्ताच्या आत्ता दवाखान्यात ने!"

डॉक्टर नाडकर्णींनी शर्वरीलाही बोलावून घेतलं. कोणाची चूक वगैरे त्या काही बोलल्या नाहीत. सुलभाताईंना खुर्चीत बसवलं, भिंतीवरच्या मोठ्या पडद्यावर वलयाचं चित्र लावलं आणि मंदारला बाहेर बसायला सांगितलं. खोलीच्या काचेतून त्याला सगळं दिसत होतं. नर्सने चमचाभर खीर दिली. पडद्यावरचं वलय फुलासारखं उघडलं, खीर खाली गेली. शर्वरीने दिली. उघडलं. खोली झाडायला आलेल्या मावशींना डॉक्टरांनी हाक मारली, "मावशी, एक चमचा तुम्ही द्या बघू." मावशी लाजल्या, पदराला हात पुसून त्यांनी चमचा धरला. उघडलं. सुलभाताई मावशींना काहीतरी म्हणाल्या आणि दोघी हसल्या.

मग डॉक्टरांनी दार उघडलं. "या, हळबेसाहेब."

मंदार चार पावलं आत आला असेल. त्याने चमच्याला हातही लावला नव्हता. पडद्यावरचं वलय मिटत मिटत सुतळीएवढं झालं आणि कोपऱ्यातला ठिपका लाल.

मावशी झाडू घेऊन निघून गेल्या.

"यात तुमचा दोष काढायचा नाहीये," डॉक्टर म्हणाल्या. "शरीराला काय वाटतं ते शरीर सांगतं, एवढंच. काही महिने तुम्ही जेवणाच्या वेळी समोर नसलात तर बरं. किंवा काकूंना लेकीकडे बेळगावला राहू दे. नळी एकदा रुंद झाली की मग प्रश्न नाही. पण असंच चाललं तर त्या फार काळ तगणार नाहीत."

मंदारचं तिकडे लक्ष नव्हतं. तो आईसमोर गुडघे टेकून बसला. "आई. तुला माझी भीती वाटते?"

"छे रे बाळा," सुलभाताई म्हणाल्या. त्यांनी त्याच्या केसांतून हात फिरवला. "वेडा आहेस का? तुझी कसली भीती? तू माझं किती करतोस."

त्यांच्या डोक्यावर भिंतीवर तो लाल ठिपका जळत होता. शर्वरीने तोंड फिरवून घेतलं. मंदारने मात्र नजर वळवली नाही. तो एकदा आईच्या हसऱ्या चेहऱ्याकडे आणि एकदा त्या ठिपक्याकडे बघत होता, आणि आयुष्यात पहिल्यांदाच आपल्याला कोणीतरी भर चौकात उघडं केलंय असं त्याला वाटत होतं.

एवढं होऊनही तो वाईट वागला नाही, हे सांगायला पाहिजे. घरी येऊन तो गॅलरीत बसला, बराच वेळ. मग आत येऊन म्हणाला, "शनिवारी मेधाला बोलावतो. ती घेऊन जाईल तुला." शर्वरीला म्हणाला, "माझं चुकलं." शर्वरी रडली. सुलभाताईंनी "तुला एकट्याला करमेल का रे?" असं दोनदा विचारलं, तोंडदेखलं. त्या रात्री जेवणाच्या वेळी तो खाली बागेत फेऱ्या मारत राहिला. वरून भांड्यांचे आवाज येत होते. दोघी काहीतरी बोलत होत्या. त्याने फोन पाहिला. ठिपका हिरवा होता. त्याने तो बघून सुस्कारा सोडला, आणि खरं सांगायचं तर त्या सुस्काऱ्यात निम्मं समाधान होतं. उरलेलं निम्मं काय होतं ते शनिवारी कळलं.

शनिवारी सकाळी मेधाची गाडी खाली लागली. मंदार आईची बॅग उचलायला खोलीत गेला. आई आतून गाणं गुणगुणत होती. कुठलं तरी जुनं भोंडल्याचं गाणं, मुली फेर धरून म्हणतात ते. मंदारने आईला गाताना कधी ऐकलं नव्हतं. ती आरशासमोर उभी राहून पिन लावत होती, पाठ ताठ, चाल लगबगीची, जणू परीक्षा संपलेली मुलगी सुट्टीला निघाली आहे. त्याला बघताच गाणं थांबलं.

"झालं हं माझं," ती म्हणाली.

बॅग त्याने उचलली, ती जड लागली. काय एवढं घेतलंस म्हणून त्याने चेन उघडली. साड्यांच्या वर, रुमालात गुंडाळलेले, देव्हाऱ्यातले अन्नपूर्णा आणि बाळकृष्ण. लग्नात सुलभाताईंच्या आईने त्यांच्याबरोबर दिलेले देव. एकोणिसाव्या वर्षी त्या ते घेऊन या घरात आल्या होत्या. चार महिने लेकीकडे राहायला जाणारी बाई आपले देव घेऊन जात नाही. ती सुनेला दिवा लावायला सांगून जाते. देव घेऊन बाई निघते ती घर सोडून निघते, हे कोणालाही सांगावं लागत नाही.

मंदारने रुमाल पुन्हा गुंडाळला. दारात येऊन मेधाला म्हणाला, "आईचं आज जमणार नाही. तिला ताप आहे."

"ताप?" मेधा म्हणाली. "अरे, आत्ता तर फोनवर..."

"ताप आहे म्हटलं ना."

मेधाने त्याच्या खांद्यावरून आईकडे पाहिलं. "आई?"

सुलभाताईंनी एकदा बॅगेकडे पाहिलं, एकदा मुलाकडे. "हो गं. अंग जरा कसकसतंय," त्या म्हणाल्या. "तू जा. मंदार आहे ना."

इथे मेधाने आईला ओढत गाडीत घालायला हवं होतं. तिने तसं केलं नाही. तिने आरडाओरडा केला, रडली, दादाला नाही नाही ते बोलली आणि गेली. शर्वरीनेही काही केलं नाही. ती राहिली, या आशेने की दुपारच्या वेळी तरी आईंच्या पोटात काही जाईल. प्रत्येकाने आपापल्या जागी शहाणपणाचं काहीतरी केलं आणि सुलभाताई होत्या तिथेच राहिल्या.

मंदारने देव पुन्हा देव्हाऱ्यात बसवले, आणि मग तो कामाला लागला. थांबा हा वलयाचा भाग नव्हता, वलयाला दिलेला हुकूम होता. हुकूम बदलता येतो. बेशुद्ध माणसांसाठी, किंवा ज्यांचे स्नायू आजाराने विनाकारण आवळतात त्यांच्यासाठी थांबा बंद करायची सोय ठेवलेली असते. पुण्यात एका केंद्रावर ते करून देतात. पेशंटची संमती लागते. ती मिळणं मंदारच्या घरात कधीच अवघड नव्हतं.

त्याने डॉक्टर नाडकर्णींना फोन केला, कारण तो काही लपूनछपून करणारा माणूस नव्हता. डॉक्टरांनी सुलभाताईंचे कागद काढून पाहिले. मग म्हणाल्या, "फाटणार नाही, व्रण आता पुष्कळ मऊ झालाय. पण त्यांचे स्नायू आवळायचं थोडेच सोडणार आहेत? ते आवळतील आणि वलय त्यांना जबरदस्तीने उघडेल. प्रत्येक घासाला छातीत कळ येईल. आणि वलय मागून मिटतं, म्हणजे त्यांना ते बाहेरही काढता येणार नाही. हळबेसाहेब, ती बाई तोंडाने नाही म्हणत नाही. तिचा घसा तेवढा म्हणत होता. तो तुम्ही बंद करणार?"

"ती उपाशी मरतेय, मॅडम," मंदार म्हणाला.

"त्या उपाशी मरत नाहीयेत. तुम्ही समोर नसलात की त्या जेवतात."

मंदारने फोन ठेवला. त्याच्या मनात डॉक्टरबाईंविषयी अतिशय तिरस्कार दाटून आला. आई-मुलाच्या नात्यातलं हिला काय कळणार?

पुण्याच्या केंद्रावर पाच मिनिटांचं काम होतं. तिथल्या मुलीने सुलभाताईंना नियमाप्रमाणे विचारलं, "आजी, तुम्हाला हे हवंय ना?" सुलभाताई मुलाकडे बघून म्हणाल्या, "त्याला बरं वाटत असेल तर करा." मुलीने हे 'हो' धरलं.

त्या संध्याकाळी मंदारने पहिला घास दिला आणि तो गेला. सरळ गेला. ठिपका हिरवा, कारण वलय उघडं होतं, आणि ठिपका फक्त वलयाबद्दल बोलायचा. दुसरा घास गेला. तिसरा. संपूर्ण वाटी संपली. मंदार ताटावरून उठला आणि देवासमोर जाऊन त्याने लोटांगण घातलं. आईच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. "बघ, तुलाही भरून आलं ना," तो म्हणाला आणि आपल्या रुमालाने त्याने ते पुसलं.

शर्वरीने मात्र टेबलाखाली पाहिलं होतं. सासूबाईंच्या पायाची बोटं आत वळून घट्ट झाली होती. कपाळावर घामाचे थेंब. रात्री ती म्हणाली, "मंदार, त्यांना दुखतंय रे. फार दुखतंय."

"आई म्हणाली का तसं?"

"त्या कधी म्हणतात?"

"मग झालं तर." तो कूस बदलून झोपी गेला. इतक्या महिन्यांत त्याला इतकी गाढ झोप लागली नव्हती.

सुलभाताईंची तब्येत सुधारली. गाल भरले, बांगड्या मनगटावर आल्या. मंदार त्यांना तिन्ही वेळा भरवायचा, आणि आता पातळ वगैरे काही नाही. भाकरी, उसळ, थालीपीठ, चकली. घशाला नको म्हणायचा काही उपायच उरला नव्हता. आधी त्या दुपारी शर्वरीबरोबर दोन घास आवडीने खायच्या, तेही बंद झालं. शर्वरीने ताट पुढे केलं की त्या हाताने दूर सारायच्या आणि छातीवर हात ठेवून पडून राहायच्या. पुढच्या घासाची धास्ती त्यांना दिवसभर पुरायची. नकला बंद, हसणं बंद. मंदारला वाटायचं, आई आता अगदी शांत झाली आहे.

फाल्गुनात सुलभाताईंना पंचाहत्तरावं लागलं. मंदारने कार्यालय घेतलं. पंचाहत्तर दिव्यांनी औक्षण झालं. गुळाने तुला केली, आणि पारडं खाली बसेना म्हणून आणखी गुळाच्या ढेपा मागवाव्या लागल्या, तेव्हा मंदारला हसू आवरेना. "दीड वर्षापूर्वी ही पेजेवर होती!" तो माइकवरून म्हणाला. "सगळे म्हणाले, सोड आशा. पण मुलगा आशा सोडतो का?" टाळ्या पडल्या. मामांनी उपरण्याने डोळे टिपले. असा मुलगा सगळ्यांना मिळो, असं आत्या शेजारणीला म्हणाली.

मग मंदारच्या डोक्यात आलं की आज सगळ्यांनी आईला एकेक घास द्यावा. जिलेबी, श्रीखंड-पुरी, ज्याला जे हवं ते. माणसं उत्साहाने रांगेत उभी राहिली. सुलभाताई उंच पाठीच्या खुर्चीत, गळ्यात हार, आणि शेजारी मंदार, एका हातात फोन, दुसरा हात आईच्या खांद्यावर. मामांनी जिलेबी दिली. गेली. मावशीने पुरी दिली. गेली. कोणाचीशी नात आली, कोणाचे व्याही आले. प्रत्येक घासाला टाळ्या पडत होत्या. सुलभाताईंचे हात खुर्चीच्या हातांवर इतके आवळले होते की नखं पांढरी पडली होती. मेधा रांगेत उभी होती ती आईला जवळून पाहताच घास हातात घेऊन तशीच थिजली.

"दे ना गं," मंदार म्हणाला.

तेव्हा सुलभाताईंनी मान वर केली. थेट मुलाकडे पाहिलं. आवाज बारीक होता, पण माइक जवळच असल्यामुळे तो साऱ्या कार्यालयाला ऐकू गेला.

"पुरे," त्या म्हणाल्या. "पुरे रे मंदार. मला नको."

टाळ्या थांबल्या. मंदारने ते शब्द ऐकले. नीट ऐकले. उभ्या आयुष्यात आईने कोणाला नको म्हटल्याचं त्याला आठवत नव्हतं, आणि आज ती त्याला म्हणत होती, सगळ्यांदेखत. त्याला कळलं. सगळंच कळलं, देव कशाला नेत होती तेही, गाणं का थांबलं तेही. आणि हे जर खरं मानलं तर इतक्या वर्षांची सेवा म्हणजे काय होती, हेही त्याच क्षणी त्याला कळलं.

त्याने फोनकडे पाहिलं. मग तो हात वर करून त्याने फोन सगळ्यांना दाखवला. ठिपका हिरवा होता.

"काही नाही, काही नाही," तो हसून म्हणाला. "लाडात आलीय. सगळं व्यवस्थित खाली जातंय, हे बघा."

माणसांचा जीव भांड्यात पडला. कोणीतरी हसलं, मग सगळेच हसले, आणि टाळ्या पुन्हा सुरू झाल्या. मंदारने मेधाच्या हातातला घास हळूच काढून घेतला आणि आईच्या ओठांशी नेला.

"तोंड उघड, आई," तो म्हणाला. रांग अजून कार्यालयाच्या दारापर्यंत होती.